सरकारवर दावा लावताय? वारसांची यादी आधी करा

भूसंपादनासाठी रानात चुन्याच्या रेषा पडल्या, दगड रोवले गेले, तरी घाबरायचं कारण नाही. मालमत्तेचा हक्क पूर्वी मूलभूत होता, १९७८च्या ४४व्या घटनादुरुस्तीनं तो उचलून ३००अ कलमात ठेवला. पण ठेवलाय. कायद्याशिवाय तुमची जमीन कुणी घेऊ शकत नाही. आणि कायदे करणारंही सरकारच, तेव्हा काळजीच मिटली.

रस्ता माझ्याच विहिरीवरून का, शेजारच्या पुढाऱ्याच्या उसातून का नाही, हे मात्र कोर्टाला विचारू नका. आखणी हा तज्ज्ञांचा विषय, कोर्ट त्यात सहसा हात घालत नाही. तिथं बोलायचं ते पैशाचं.

निवाड्याचे, म्हणजे सरकारी अधिकाऱ्यानं ठरवलेल्या मोबदल्याचे, पैसे घेताना पावतीवर 'निषेधासह स्वीकारले' असं लिहायची सोय आहे. लिहू नका. साहेब दमलेले असतात, उगाच वातावरण बिघडतं. ते दोन शब्द राहिले की वाढीव मोबदल्यासाठी स्वतः कोर्टात जायचा रस्ता बंद आणि पुढची वीस वर्षं तुम्ही मोकळे. लिहिलेच असतील आणि निवाड्याला हजर असाल, तर वाढ मागायला हातात सहा आठवडे. तेवढ्यात सातबारा, फेरफार, मोजणीचा नकाशा आणि आसपासची खरेदीखतं गोळा करा. खरेदीखतात खरा आकडा सापडला तर आम्हालाही कळवा. स्टॅम्प ड्यूटी वाचवायला अख्ख्या शिवारानं कमी आकडे घातलेत आणि सरकारी वकील आता तेच कागद मोठ्यानं वाचून दाखवतो.

राष्ट्रीय महामार्गात गेलेल्या जमिनीची मजा वेगळी. दर पटला नाही तर १९५६च्या कायद्याप्रमाणे लवाद, म्हणजे कोर्टाबाहेरचा पंच. नेमणार केंद्र सरकार, बसणार बहुधा महसूलचाच वरिष्ठ अधिकारी. म्हणजे प्रांताधिकाऱ्यानं लावलेला दर बरोबर का, हे प्रांताच्या साहेबाला विचारायचं. त्यावर जिल्हा न्यायालयात जा, खुशाल जा. दर कमी आहे हे न्यायाधीशांना पटेलही. पण सर्वोच्च न्यायालयानं २०२१मध्ये सांगून ठेवलंय की कोर्ट लवादाचा निवाडा रद्द करू शकतं, आकडा वाढवून देऊ शकत नाही. रद्द झाला की पुन्हा लवाद, पुन्हा तेच टेबल. २०२५मध्ये त्याच न्यायालयाच्या घटनापीठानं निवाड्यातल्या मर्यादित दुरुस्तीला वाट दिली. मर्यादित म्हणजे किती, यावर वकीलमंडळींची काही वर्षं आनंदात जातील.

जुन्या धरण-कालव्याच्या प्रकरणात तुम्ही जिंकताही. मग दरखास्त लावा, म्हणजे निकालाची अंमलबजावणी मागा. जप्तीचं वॉरंट निघतं, कोर्टाच्या बेलिफाबरोबर तुम्ही सरकारी कचेरीत जाता. साहेब दौऱ्यावर. बेलिफ खुर्च्या मोजायला लागतो, त्यातल्या एकीच्या पायाखाली वीट. हेडक्लार्क चहा सांगतो, पंधरा दिवसांची मुदत लेखी मागतो, खुर्ची विटेसकट जागेवर राहते. वाईट वाटून घेऊ नका, वाढीव रकमेवर पहिलं वर्ष ९ टक्के, नंतर १५ टक्के व्याज चढतंय. एवढं कुठली पतसंस्था देते? देत होत्या त्यांचं काय झालं, ते सांगलीकरांना विचारा.

अपिलासाठी पूर्वी महालक्ष्मी एक्स्प्रेसनं मुंबई गाठायला लागायची. १८ ऑगस्ट २०२५पासून कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच बसतंय, तेव्हा पुढची तारीख घेऊन माणूस दिवस मावळायच्या आत घरी.

आता वारसांचं. दावा चालू असताना दावेदार गेला तर ९० दिवसांत वारस रेकॉर्डवर आणायचे, नाहीतर दावा बाद व्हायची पाळी. कोयनेच्या पाण्याखाली गावं गेली त्यांची पुढची पिढी अजून पर्यायी जमिनीसाठी मोर्चे काढतीय, म्हणून यादी लांब धरा. पोरींची नावं गाळू नका, नाहीतर सरकारच्या आधी बहिणींच्याच तारखा लागतील.

आणि हे सगळं झेपत नसेल तर जुन्या भूसंपादन कायद्यात आळशी माणसासाठी २८अ कलम होतं, २०१३च्या कायद्यात ते ७३ झालं. त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला कोर्टानं वाढ दिली की तीन महिन्यांत तुम्हीही तेवढीच मागू शकता, लढला तो असला तरी. फक्त निकाल लागल्याचं त्यानं तुम्हाला सांगायला हवं. तेव्हा बांधावरची ती हातभर जागा आजच त्याला देऊन टाका.