माझ्या त्या ‘एकच स्केल पुरे’ पोस्टबद्दल खुलासा

मागच्या महिन्यात मी लिहिलं होतं की ‘ऑटम लीव्हज’ या जॅझमधल्या प्रसिद्ध गाण्यावर सोलो (मनाने रचत वाजवलेला भाग) वाजवायला ‘जी मायनर’ (G minor) ही एकच स्केल, म्हणजे सुरांची एकच ठरावीक मालिका पुरे, कॉर्ड्स (एकत्र वाजणारे सूर) बघूच नका. ते आता स्क्रीनशॉट होऊन फिरतंय, आणि ते अर्धंच बरोबर आहे, चूक माझीच.

झालं असं की पहिल्या चार बारमधल्या (बार म्हणजे तालाचा एक ठरावीक तुकडा) कॉर्ड्स, म्हणजे सी मायनर सेव्हन, एफ सेव्हन, बी फ्लॅट, ई फ्लॅट, यांचे सगळे सूर त्या स्केलमध्येच बसतात, म्हणून मला वाटलं जमलं. पण सहाव्या बारला डी सेव्हन येतो आणि त्यात एफ शार्प आहे, स्केलमध्ये साधा एफ. आपल्या भाषेत सांगायचं तर जी ला सा धरा, स्केल आसावरी थाटाची, कोमल नी ची, आणि तिथे कॉर्ड मागतो शुद्ध नी, कीरवाणी रागासारखा. कोमल नी वाजवला तर अगदीच बेसूर नाही होत, ब्लूजसारखा लागतो, पण पुढच्या जी मायनरवर परत येण्याची ओढ जाते. कीबोर्डवर डाव्या हाताने डी सेव्हन दाबून ठेवा, उजव्याने दोन्ही नी आलटून पालटून वाजवा, लगेच कळेल.

आणि हो, गाणं मुळात अमेरिकन पण नाही, चाल जोसेफ कॉस्माची, 1945 ची, फ्रान्समधली, इंग्रजी शब्द नंतर जॉनी मर्सरने लिहिले.

जुना स्क्रीनशॉट प्लीज पुढे पाठवू नका, पाठवला असेल तर त्याखाली हे टाका.