केस हारलात? मग आता खरी मजा सुरू

भाडेकरूने वाडा खाली करून द्यावा अशी डिक्री, म्हणजे कोर्टाचा हुकूम, झाली म्हणून कोणी लगेच टेम्पो बोलावतं का? आधी आपल्या इंदूरच्या राजवाड्यावर जाऊन पोहे-जिलबी खा, डोकं शांत करा. 1872 सालीच तिकडे लंडनला प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे तेव्हाच्या सगळ्यात वरच्या कोर्टाने, म्हणून ठेवलंय की हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी डिक्री मिळाल्यावर सुरू होतात, म्हणजे अडचण जिंकणाऱ्याला, तुम्हाला नाही.

जिल्हा कोर्टात अपीलाला 30 दिवस असतात, उशीर झालाच तर कंबरदुखीचं सर्टिफिकेट आहे. पण नुसतं अपील टाकून झोपू नका हं, दिवाणी प्रक्रिया संहितेतला ऑर्डर 41 नियम 5 म्हणतो की अपीलाने इजरा, म्हणजे डिक्रीची अंमलबजावणी, थांबत नाही, स्टे (स्थगिती) वेगळा मागावा लागतो आणि मोठं नुकसान होईल हे दाखवावं लागतं. तेव्हा अर्जात अंगणातलं तुळशीवृंदावन घाला, पणजीच्या हातचं, तीन पिढ्यांच्या भावना वगैरे. त्यावर तुमचं हेल्मेट आणि ओली बनियान वाळत असते ते लिहायची काही गरज नाही.

तिथेही हारलात तर एमजी रोडवर हायकोर्ट आहेच, खंडपीठ इंदूरलाच असल्यामुळे जबलपूरच्या गाडीचं रिझर्वेशन पण नको, ही आपली पुण्याई. दुसऱ्या अपीलाला 90 दिवस. समोरच्याने कॅव्हेट, म्हणजे आधी मला ऐका असा अर्ज, लावली असेल तर त्याला ऐकल्याशिवाय स्टे मिळायचा नाही, पण कॅव्हेट पण 90 दिवसच चालते आणि निकालाची नक्कल मिळायला लागलेले दिवस तुमच्या मुदतीत धरत नाहीत, आता हिशोब तुम्हीच करा. कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो म्हणतात, तो वकीलसाहेब शोधतात, फी कशाची घेतात मग.

एक धोका आहे. 2004 साली सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की स्टे देताना बाजारभावाने भाडं भरायची अट घालता येते, आणि नंदलालपुऱ्यातला बाजारभाव म्हणजे चक्करच येईल. म्हणून पेशीला, म्हणजे कोर्टाच्या तारखेला, कार नेऊ नका, पायी जा, चप्पल जुनी.

स्टे नाहीच मिळाला तर मेहुणा. ताबा घ्यायला कोर्टाचा माणूस आला की मेहुण्याने दारात उभं राहून म्हणायचं, मागची खोली माझी. मग हरकतीची चौकशी, साक्षी, आणि हरकत फेटाळली तरी तो निकाल डिक्रीसारखाच मानतात, म्हणजे त्यावर परत अपील! 2021 मध्ये सुप्रीम कोर्टाने इजरा 6 महिन्यांत संपवा असं सांगितलंय खरं, पण तुम्ही कॅलेंडरकडे बघू नका.

हे सगळं मी पुस्तकातून नाही शिकलो, आमच्याच वाड्यात खालच्या मजल्यावर राहणाऱ्यांकडून शिकलो. डिक्री आमच्या काकूची आहे, साडीच्या दुकानाच्या पिशवीत असते, रबर लावून, प्रत्येक तारखेला पिशवी पण येते. संक्रांतीनंतरच्या पेशीला काकूने कोर्टाच्या जिन्यात त्यांना पण तिळगूळ दिला. तुम्हालाही मिळेल. घ्या, पाया पडा, आणि "काय रे, कधी सोडतोस मग?" असं विचारलं तर तोंडात लाडू आहे म्हणून नुसती मान हलवा.