कोल्डप्ले येऊन गेले, आता छबिलदासचं बोला

जानेवारी 2025 मध्ये डी. वाय. पाटील स्टेडियमवर कोल्डप्ले या ब्रिटिश रॉक बँडचे तीन कार्यक्रम झाले आणि आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दोन तट पडले. एक म्हणतो, मुंबई आता लंडन-न्यूयॉर्कच्या पंक्तीला बसली. दुसरा म्हणतो, नाट्यसंगीताला पोरं फिरकत नाहीत, या धांगडधिंग्याला मात्र हजारो रुपये. त्याच महिन्यात पंतप्रधानही 'कॉन्सर्ट इकॉनॉमी'वर बोलले, मग काय, पहिल्या तटाला आणखी चेव. मँचेस्टरमध्ये बसून हे वाचताना वाटलं, भांडताहेत दोघे, पण बघताहेत दोघेही स्टेडियमकडेच. वादक तिथे घडत नाही, तो घडतो छोट्या, स्वस्त सभागृहात.

इथल्या स्टीव्ह डिगल या गिटारवाल्याचंच बघा. 4 जून 1976 ला मँचेस्टरच्या फ्री ट्रेड हॉलमधल्या छोट्या सभागृहात सेक्स पिस्टल्स हे लंडनचे पंकवाले, म्हणजे कच्चं, वेगवान रॉक वाजवणारे, वाजवायला आले. त्यांना बोलावलं होतं पीट शेली आणि हॉवर्ड डिव्होटो या दोन पोरांनी. समोर श्रोते मूठभर. डिगल दाराशी भलत्याच कुणाची वाट बघत उभा होता. पिस्टल्सच्या मॅनेजरला वाटलं, शेली शोधतोय तो बास गिटार वाजवणारा हाच, आणि त्याने त्याला आत नेलं. अशी कथा सांगतात. थोडा मीठमसाला असेलही. पुढचं मात्र पक्कं. 'बझकॉक्स' या त्यांच्या बँडने सुमारे 500 पौंड उसने घेऊन जानेवारी 1977 मध्ये चार गाण्यांची रेकॉर्ड स्वतःच काढली, सुरुवातीला हजार प्रती. त्यातल्या एका गाण्यात शेलीचा गिटार सोलो अवघ्या दोन सुरांचा आहे. आपल्याकडे त्याला 'आधी पलटे घोटून ये' म्हणून घरी पाठवला असता.

डिव्होटो लगेच बाहेर पडला, शेली गाऊ लागला आणि डिगल बास सोडून गिटारवर आला. 1981 मध्ये बँड फुटला, 1989 मध्ये पुन्हा जमला. 1994 मध्ये युरोपात 'निर्वाणा' या अमेरिकन बँडच्या कार्यक्रमांत त्यांच्याआधी यांनी वाजवलं. 2018 मध्ये शेली गेला, तरी 2022 चा अल्बम आला, डिगलच्या आवाजात.

एवढी लांब कारकीर्द उभी राहिली ती फक्त हिंमतीवर नाही. गिरण्या-कारखाने बंद पडत चाललेल्या त्या शहरात खोल्या स्वस्त होत्या आणि बेकारभत्ता मिळायचा, त्यामुळे वाईट वाजवत चांगलं होण्यापुरती सवड कितीतरी पोरांना मिळाली. भत्त्याची गोष्ट मुंबईत काढण्यात अर्थ नाही. सभागृहाची काढता येते.

कारण मुंबईने हे करून दाखवलंय. 1974 पासून 'आविष्कार' या नाट्यसंस्थेने दादरच्या छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये प्रायोगिक नाटकाची चळवळ चालवली. शाळेचा हॉल, भाडं परवडणारं, नाटक पडलं तरी कुणी कर्जात बुडत नव्हतं. रॉकवाल्यांना धोबीतलावचं रंगभवन होतं. शेजारी कॉलेज, इस्पितळ, त्यामुळे ध्वनिप्रदूषणाचे नियम आले आणि तिथला दणदणाट थांबला. रुग्णांच्या बाजूने मी आहे, पण बंद केल्याच्या बदल्यात दिलं काय? मथुरादास मिलमधलं ब्लू फ्रॉग हे बँड वाजवण्याचं ठिकाण 2007 ला उघडलं आणि 2016 ला मिटलं. 'द रायट पेडलर्स'सारखे पंक बँड मुंबईत झाले, नाही असं नाही. पण रोज वाजवायचं कुठे?

इथे सगळं आलबेल आहे असं समजू नका. एकट्या 2023 मध्ये ब्रिटनमधल्या संगीताच्या 125 छोट्या जागा बंद झाल्या. पुढच्याच वर्षी मँचेस्टरमध्ये तेवीस हजारांवर माणसं मावतील असं नवं अरीना उघडलं, म्हणजे इथेही पैसा वरच्या वरच. फरक एवढाच, की त्यावर काही ठरतंय. 2018 पासून इंग्लंडच्या नियोजन धोरणात आहे : क्लबशेजारी नवी इमारत बांधणाऱ्याने आवाजाचा बंदोबस्त स्वतः करायचा. आणि मोठ्या कार्यक्रमांच्या तिकिटामागे एक पौंड छोट्या जागांसाठी काढावा, याला सरकारने 2024 मध्ये पाठिंबा दिला. ऐच्छिक आहे, तेव्हा मोठे आयोजक किती देतील ते दिसेलच.

मुंबईत असा आकार ऐच्छिक ठेवू नये. स्टेडियमच्या तिकिटामागे पन्नास रुपये घ्या, महापालिकेच्या शाळांचे हॉल संध्याकाळी नाममात्र भाड्याने खुले करा, आवाज आत राहील अशा भिंती त्याच पैशातून करा. रात्री दहाला बंद, हरकत नाही. नाट्यसंगीतवाले काकाही तिथे बैठक लावू शकतील, मंगळवारी त्यांची, बुधवारी पोरांची.