मातीचे गणपती करून देशाच्या काय कामी येशील म्हणे!

आज साक्षगंधाच्या पंगतीत एका नातेवाइकानं माझ्या भाच्याला सगळ्यांदेखत विचारलं, "चित्रकला शिकून राहिला? मातीचे गणपती करून देशाच्या काय कामी येशील? फौजेत तरी जायचं!" पोरगं मान खाली घालून जेवत राहिलं. दुसऱ्याचं कार्य, म्हणून मी गप्प बसलो. आता बोलतो.

पहिल्या महायुद्धात खंदकातून डोकं वर काढलं की गोळी थेट तोंडावर. जीव वाचला तरी कुणाला नाक नाही, कुणाला जबडा नाही. त्यांच्यासाठी कोण धावलं? शिल्पकार! फ्रान्सिस डरवेंट वूड चाळिशी उलटल्यावर लंडनच्या लष्करी दवाखान्यात साधा ऑर्डर्ली म्हणून लागला आणि तिथं मुखवटे घडवू लागला. त्याचं काम पाहून ॲना कोलमन लॅड या अमेरिकन बाईनं पॅरिसमध्ये स्टुडिओ उघडला. चेहऱ्याचा प्लास्टरचा साचा घ्यायचा, जुन्या फोटोवरून गेलेला भाग मातीत घडवायचा, त्यावरून तांब्याचा पातळ मुखवटा. तो बहुतेकदा चष्म्याच्या काड्यांनी कानावर अडकवायचा. रंग मात्र माणसाच्या तोंडावर मुखवटा असतानाच द्यायचा, कारण कातडी ढगाळ दिवशी वेगळी दिसते, उन्हात वेगळी. मधली छटा गाठायची.

आमच्या चितारओळीतल्या, म्हणजे मूर्तिकारांच्या गल्लीतल्या, मोठ्या बाबांनी हेच केलं. गल्लीतला एक निवृत्त फौजी, एक कान गेलेला, मे महिन्यातही कानटोपी घालून फिरायचा. मोठ्या बाबांनी त्याला दारात उजेडाला बसवलं, धड कान बघून कागदाच्या लगद्याचा दुसरा घडवला, चष्म्याच्या काडीला बसवला. रंग त्याच्या गालाशी ताडून ताडून लावला, मूर्तीचे डोळे काढायच्या ब्रशनं.

मुखवट्याला हसता येत नव्हतं, रंगही उडायचा. मान्य. मोठ्या बाबांचा कानसुद्धा पावसात नरम पडायचा. ते पुन्हा करून द्यायचे, पैसे न घेता. पण त्या माणसाची टोपी उतरली हो! पोराच्या लग्नात तो उघड्या डोक्यानं पाहुण्यांना वाढत होता.

आणि फक्त जखमाच नाहीत. फ्रेंच सैन्यात 1915 पासून चित्रकारांची तुकडी होती. आघाडीवरचं खरं झाड रात्रीतून काढून तिथं हुबेहूब पोकळ झाड उभं करायचे, आत टेहळणी करणारा शिपाई. आपल्याकडचा जयपूर फूट हा नकली पाय डॉ. सेठींच्या जोडीनं रामचंद्र शर्मा या कारागिरानं घडवला. अफगाणिस्तानात सुरुंगानं पाय गेलेली माणसं त्यावर चालली.

सीमेवर लढणाऱ्याला माझा सलामच आहे. पण लढून आलेल्याला आरशासमोर उभं करणारे हातही देशाचेच आहेत.

त्या नातेवाइकांना टॅग करत नाही, वाचतीलच ते. पोराची फी मी भरतोय. पुढच्या पंगतीत त्याला सुखानं दोन घास खाऊ द्या.