बसचा आकडा आणि सकाळची ड्युटी

आमच्या नागपूरच्या शाळेच्या ग्रुपवर परत तोच वाद पेटलाय, शहराला नव्या ई-बस किती पाहिजेत. एक म्हणतो जितक्या मिळतील तितक्या घ्या, दुसरा म्हणतो आहेत त्याच रिकाम्या फिरून राहिल्या, नव्या काहून घ्यायच्या. मी जर्मनीत एका बस डेपोत ड्युटी प्लॅनिंगचं काम करतो, आणि मला दोन्ही बाजू अर्धवट वाटतात.

साधा हिशोब करून बघा. बर्डीहून हिंगण्याला जाऊन परत यायला, शेवटच्या स्टॉपवरचा थांबा धरून, दोन तास लागतात असं समजा. दर दहा मिनिटाला बस पाहिजे तर रस्त्यावर १२ गाड्या लागतात. आता कुठे पुलाचं काम निघालं, रस्ता खोदला, फेरी अडीच तासांवर गेली की त्याच दहा मिनिटांसाठी १५ लागतात, आणि १२च असतील तर बस साडेबारा मिनिटाला येते, कोणीही कामचुकारपणा केलेला नसतो तरी शिव्या ड्रायव्हरलाच. बरं, १२ गाड्या दोन शिफ्टमध्ये म्हणजे रोज २४ ड्युट्या, आठवड्याच्या १६८, एक माणूस आठवड्याला सहा करतो म्हणजे २८ ड्रायव्हर, तेही कोणी आजारी पडत नाही, कोणाच्या घरी लग्न नाही असं धरून! रजा धरल्या तर ३२-३३ लागतातच. दुरुस्तीतल्या गाड्या वेगळ्या, रात्री एकदम किती बस चार्जिंगला लागू शकतात ते वेगळं.

आमच्या डेपोत पहाटे साडेचारला दोन ड्रायव्हर युनिफॉर्म घालून नुसते बसलेले असतात, कोणी आलं नाही की त्यांना गाडी. आपल्याकडे याला फुकटचा पगार म्हणतील. पण ती दोन माणसं नसतील तर पहिली फेरी रद्द होते आणि कामावर जाणारा माणूस स्टॉपवर उभाच राहतो.

जर्मनीतही सगळं छान आहे असं नाही. ड्रायव्हर मिळत नाहीत म्हणून कित्येक शहरांनी फेऱ्याच कमी केल्या. २०२२ च्या जून ते ऑगस्ट ९ युरोत महिन्याचा पास दिला तेव्हा ट्रेनमध्ये पाय ठेवायला जागा नसायची, कारण तिकीट एका रात्रीत स्वस्त करता येतं, डबे आणि माणसं नाही. आपल्या एसटीत मार्च २०२३ पासून बायकांना अर्धं तिकीट झालं, फारच चांगलं झालं, माझी मावशी काटोलहून आता मनात आलं की येते. पण अशा घोषणेच्या कागदावरच जादा गाड्या-कंडक्टरांचाही हिशोब पाहिजे.

ग्रुपवरच्या मित्रांनो, नगरसेवक भेटला तर त्याला रोजचे तीन आकडे मागा: ठरलेल्या फेऱ्या किती, निघाल्या किती, रद्द झाल्या त्या कशामुळे, ड्रायव्हर नव्हता, गाडी बिघडली की चार्जिंग झालं नव्हतं. महिनाभराचे हे आकडे समोर आले की आधी बस घ्यायच्या की आधी ड्रायव्हर भरायचे ते कळेल.