चोमोन म्हणजे मेलिएसची नक्कल?

मूकपटांच्या काळातले स्पॅनिश चित्रपटकार सेगुंदो दे चोमोन (1871–1929) यांचं नाव निघालं की, जादूच्या करामती पडद्यावर आणणारे फ्रेंच दिग्दर्शक मेलिएस यांच्याशी तुलना करणारं एक वाक्य हमखास फिरतं: "हा स्पॅनिश मेलिएस. सिनेमे त्याचे उचलले, युक्त्या त्याच्याच, रंगही तसेच."

सिनेमे उचलले? 1908 सालच्या चंद्रसफरीच्या चित्रपटाबाबत हे खरंच आहे. मेलिएसच्या 1902च्या चित्रपटाची ती सरळ नक्कल होती. चोमोन तेव्हा पाथे या फ्रेंच चित्रपट कंपनीत नोकरीला होते आणि कंपनीला तसाच माल हवा होता.

युक्त्या मात्र त्याच नाहीत. मेलिएसची हुकमी युक्ती अशी: कॅमेरा थांबवायचा, माणूस बदलायचा, पुन्हा कॅमेऱ्याचं हँडल फिरवायचं आणि सांध्यावरच्या, जास्त उजेड खाल्लेल्या फ्रेम कापून निगेटिव्ह जोडायची. चोमोन यांच्या 'एल ओतेल एलेक्त्रिको'त (1908) ब्रश आपोआप बूट चमकवतो, कंगवा त्यांच्या पत्नी ज्युलिएन मात्यू यांचे केस विंचरतो. असं दृश्य फ्रेमागणिक थांबूनच घेता येतं. एरवी हँडलच्या एका फेऱ्यात 8 फ्रेम जातात, इथे एकच. सेकंदाला 16 फ्रेम धरल्या, तर 10 सेकंदांसाठी वस्तू 160 वेळा सरकवायची. अंतर कमीजास्त झालं की हालचाल गचके खाते, उजेड बदलला की चित्र लुकलुकतं, आणि बसलेल्या नटीची मान जरा हलली तरी ती थरथरताना दिसते.

'ले किरिकी' (1907) तर आणखी वेगळा. कसरतपटू काळ्या कापडावर आडवे झालेत, कॅमेरा वरून खाली रोखलाय. पडद्यावर मात्र एका पोराच्या डोक्यावर माणसांचा अख्खा मनोरा उभा! मेलिएसचा कॅमेरा सहसा नाटकाच्या प्रेक्षकासारखा समोरच असे.

रंगांचं म्हणाल, तर मेलिएसच्या प्रती थुइलिए बाईंच्या कारखान्यात ब्रशनं, हातानं रंगायच्या. प्रत्येक प्रत पहिल्यापासून. चोमोन यांनी पाथेसाठी साच्याचं काम केलं. दर रंगाला फिल्मची एक वेगळी प्रत घेऊन त्या रंगाचा तेवढाच भाग कापून काढायचा, ती पट्टी फिल्मच्या कडेच्या भोकाला भोक जुळवून प्रतीवर ठेवायची आणि रंग द्यायचा. एकच साचा अनेक प्रतींना चालतो. पण फ्रेमची रुंदी जेमतेम 24 मिलिमीटर, त्यामुळे साचा अर्धा मिलिमीटर सरकला तरी झग्याचा लाल हातावर उतरतो.

शिवाय मेलिएस थांबल्यावरही चोमोन थांबले नाहीत. इटालियन दिग्दर्शक पास्त्रोनेच्या 'काबिरिया'त (1914) चाकांच्या गाड्यावरचा कॅमेरा त्यांनी सेटमधून तिरका, संथ फिरवला. सेटवरच्या कापडी पडद्यावर रंगवलेली खोली अशा हालचालीत लगेच उघडी पडते. त्यासाठी खरोखरीचे भरीव खांब उभारावे लागतात.