समुद्र असून काय झालं?

विदर्भाला समुद्र नाही म्हणून आपण मागे राहिलो, हे मी शाळेत असल्यापासून ऐकत आले आहे. आता त्याला नवं शेपूट फुटलंय. समुद्र नाही तर नाही, चिखलदरा तर आहे! स्कायवॉक होऊ द्या, पर्यटक येऊ द्या, कापूस सोडा, होमस्टे काढा. अंजनगाव सुर्जीकडच्या आमच्या गावात लग्न असो की तेरवी, पंगतीत हाच विषय. माझा भाचा तर ठरवूनच बसलाय. परवा फोनवर म्हणाला, "आत्या, वावरात काई नाई रायलं. तुयी सई दे, वावर काढून टाकतो अन् चिखलदऱ्यात जागा घेतो."

मला राग आला, आणि तो अजून उतरलेला नाही. कारण मी इंग्लंडच्या किनाऱ्यावरच्या ब्लॅकपूलला राहते. समुद्र दारात असलेल्या आणि पर्यटनावरच वाढलेल्या गावाचं पुढे काय होतं, ते मी रोज ड्युटीवर पाहते.

इथे 1846 मध्ये रेल्वे आली आणि लँकेशायरच्या सूतगिरण्यांमधले कामगार येऊ लागले. ओल्डहॅम, ब्लॅकबर्न, बर्नली, प्रत्येक गावाच्या गिरण्या उन्हाळ्यात आपापला आठवडा ठरवून बंद राहायच्या आणि गावच्या गाव गाडीत बसून इथे उतरायचं. 1863 ला समुद्रात शिरलेला नॉर्थ पिअर हा धक्का, 1878 ला विंटर गार्डन्स हे करमणुकीचं संकुल, 1879 ला रस्त्यावर विजेचे दिवे, 1885 ला विजेवर चालणारी ट्राम, 1894 ला 518 फुटांचा टॉवर. त्या काळात आपल्या तालुक्यात कंदील होते. गावाच्या या बाजूला फ्लीटवूड, त्या बाजूला लिदम, सगळा किनाराच बहरला. मग गिरण्या बसल्या, आणि ज्यांच्या हातात पैसे उरले त्यांना विमानाने स्पेनचं ऊन स्वस्तात मिळू लागलं. इथलं सेंट्रल स्टेशन 1964 लाच बंद झालं होतं. लोक आजही लाखोंनी येतात, पण बरेचसे सकाळी येऊन रात्री परततात. इल्युमिनेशन्सच्या, म्हणजे दिव्यांच्या रोषणाईच्या दिवसांत प्रॉमवर, समुद्राकाठच्या रस्त्यावर, मुंगीलाही जागा नसते आणि दोन गल्ल्या आत खोल्या रिकाम्या.

त्या खोल्यांत आता माझे पेशंट राहतात. मी डिस्ट्रिक्ट नर्स आहे, पायाच्या जखमा बांधायला घरोघरी जाते. जुन्या गेस्टहाउसचे तुकडे करून एकेक खोली भाड्याने दिलेली. दारावर पितळी आकडा अजून तसाच, खोलीच्या कोपऱ्यात हात धुवायचं छोटं बेसिन, त्याच्यावर आरसा. पाहुण्याने आठवडाभर राहावं एवढ्यापुरतीच केलेली खोली. तिथे माणूस दहा-दहा वर्षं युनिव्हर्सल क्रेडिटवर, म्हणजे सरकारी भत्त्यावर काढतो, बेसिनमध्येच भांडी घासतो. पुरुषांचं आयुर्मान इंग्लंडमध्ये सगळ्यात कमी कुठे, तर या गावात. एकदा एका आजीबाईंची पट्टी बदलत होते. त्यांच्या आईचं इथेच बोर्डिंग हाउस होतं. त्या म्हणाल्या, सीझनमध्ये आम्ही मुलं स्वयंपाकघरात झोपायचो, कारण आमचे पलंगसुद्धा पाहुण्यांना दिलेले असायचे. अभिमानाने सांगत होत्या. मला मात्र भाच्याची दोन लेकरं दिसत होती.

हे सगळं मी त्याला सांगितलं. तो म्हणाला, ते इंग्रजांचं झालं, आपला काय संबंध?

संबंध आहे, आणि तो आपल्याच वावरातून जातो. 1861 मध्ये अमेरिकेत यादवी पेटली, तिथला कापूस अडला, गिरण्या ओस पडल्या. तेव्हा लँकेशायरला वऱ्हाड आठवला. आपला आखूड धागा तिथल्या कामगारांना नकोसा वाटायचा, यंत्रावर सारखा तुटायचा, पण अडल्यावर तोही चालला. आपल्याकडे भाव आकाशाला भिडले. 1865 ला युद्ध संपलं तसा भाव कोसळला, आणि त्या गिरण्या पुन्हा अमेरिकेच्या कापसाकडे वळल्या. तरीही 1870 मध्ये खामगावच्या कापूसबाजारापर्यंत रूळ आले आणि पुढे यवतमाळ-मूर्तिजापूर-अचलपूर ही आपली शकुंतला रेल्वे सुरू झाली, तीही कापसासाठीच. मँचेस्टरला 1921 मध्ये बांधलेलं वाफेचं इंजिन तिला 1994 पर्यंत ओढत होतं. आता तीही बंद पडून वर्षं झाली. म्हणजे गिऱ्हाईक उठून गेल्यावर काय होतं, हे वऱ्हाडाने ब्लॅकपूलच्या शंभर वर्षं आधी भोगलंय. मग पुन्हा दुसऱ्याच्या मर्जीवर घर बांधायची एवढी घाई कशाला?

माझं म्हणणं चिखलदऱ्याच्या विरोधात नाही. भीमकुंड, गाविलगड, पावसातलं धुकं, तिथली कॉफी, हे सगळं माझ्याही जिवाचं आहे. पण सीझन किती? पावसाळ्यातले शनिवार-रविवार आणि थंडीचे थोडे दिवस. उन्हाळ्यात त्याच तालुक्यातल्या गावांना पाण्याच्या टँकरची वाट पाहावी लागते. आणि होमस्टेच्या चादरी कोण धुणार? तिथल्या कोरकू आदिवासींच्या मुली. आमच्या गावातली पोरं मालक होणार आणि त्या मोलकरणी, याला मी विकास म्हणणार नाही.

चिखलदऱ्याला जाताना आधी अचलपूर-परतवाडा लागतं. तिथली फिनले मिल 2020 च्या टाळेबंदीत थांबली. बाजूच्या वावरात कापूस, गावात मिल, आणि तिला कुलूप! स्कायवॉकवर तावातावाने बोलणारे या मिलवर तेवढं का बोलत नाहीत? इथल्या कौन्सिलने 2010 मध्ये टॉवर आणि विंटर गार्डन्स विकत घेतले. आपलं आहे ते आपण सांभाळू, असं इथल्या लोकांनी निदान ठरवलं तरी. आपल्याकडे एवढीही जिद्द दिसत नाही, आणि हे म्हणताना मला वाईट वाटतं.

"तुला काय, पौंडात पगार घेऊन बोलणं सोपं आहे," हे भाऊ म्हणालाच. बोंडअळीचं वर्ष मी शेतात राहून काढलेलं नाही, खेडा खरेदीवाल्याच्या काट्याशी भांडलेले नाही, मान्य. पण पऱ्हाटीत वाकून वेचणी मीही केलीय. त्याच कापसाच्या पैशावर नर्सिंगला गेले. आई सोबत होती, तिच्या ओटीतला कापूस अजून डोळ्यासमोर आहे.

आणि खरं सांगायचं तर प्रश्न फक्त पर्यटनाचा नाही. मतदार यादीत माझं नाव नाही, रेशनकार्डावर नाही, पासपोर्टही आता इथला झालाय. आमच्याकडे बहिणी हक्कसोड करून मोकळ्या होतात, बाबांनी मात्र माझं नाव सातबाऱ्यावर चढवलं. गावात मी कुठे उरले असेन तर त्या एका कागदावर. ते वावर विकलं की मी तिकडची कोण? इथे तर मी अजूनही "मूळची कुठली?" या प्रश्नाला उत्तर देत असते, आणि उत्तर म्हणून त्या वावराचंच नाव घेते.

भाच्याला मी काल सांगितलं: होमस्टे काढायचाच असेल तर जागा भाड्याने घे, पहिल्या दोन वर्षांचं भाडं मी देते, परत मागणार नाही. वावर कुणाला ठोक्याने कसायला दे, पण विकायचं नाही. तो चिडून म्हणाला, हा तुझा हट्ट आहे. आहेच हट्ट. सही मी करणार नाही.